बिडाच्या टोपाचं बोलणं

“बूड जाड ठेव. कड जरा वाकडी आली तरी चालेल, जेवण काही कडेवर शिजत नाही.”

मित्रांनो, थोरला ओतारी आपल्या भावाला हे म्हणाला, तेव्हा मला अजून आकारही आला नव्हता. भट्टीतला लालभडक रस होतो मी. साच्यात उतरलो, निवलो, आणि कड खरोखरच वाकडी आली. मी एक जुना बिडाचा टोप आहे. त्या कडेपायी दुकानात बरेच दिवस धूळ खात पडलो होतो. शेवटी एका नव्या नवरीने मला पसंत केलं.

“फार जड आहे गं,” नवरा म्हणाला.

“नाचवायचाय का त्याला? शेगडीवर तर बसायचंय.”

बसलो. आजतागायत बसलोच आहे.

ती शिवणकाम करायची. बाहेरच्या खोलीत मशीन, आतल्या खोलीत मी. सुट्टीच्या दिवशी माझ्यात मसुराची दाट डाळ शिजायची. आधी तेलात कांदा, मग गाजर, बटाटा, मसूर आणि गळ्यापर्यंत पाणी. एकदा झाकण ठेवलं की उचलायचं नाही, असा तिचा दंडक होता. “झाकण काढलं की डाळ रुसते,” ती म्हणे, आणि काज करता करता गुणगुणे:

आच मंद बाई मंद, डाळ मुरते मुरते,
उतावीळ माणसाला मग खरवडच उरते.

आणि मी बोलायचो. पाणी सुटं असेतो खळखळ, मसूर फुटू लागले की खदखद, मग रटरट. शेवटी डाळ घट्ट झाली की आवाज जड व्हायचा. फद्. जरा थांबून पुन्हा फद्. तेवढ्यावर ती शिवण अर्धी टाकून यायची आणि आच बंद करायची. डाळ कधी लागली नाही. पंगतीत माझं कौतुक होई, तिचं त्याहून जास्त.

पुढे मुलगा बस चालवू लागला. सून आली. तिने एकदा विचारलं, “आई, तुम्हाला बाहेर बसून कसं हो कळतं?”

“हाताला कळतं,” सासू म्हणाली. हाताला नव्हे, कानाला कळायचं. पण प्रत्येक स्वयंपाकघरात एक चावी कुणीतरी आपल्याच कमरेला ठेवतं.

गेल्या हिवाळ्यापासून तिचं गुणगुणणं शेजारी ऐकू जाईल इतकं मोठं झालं. माझं बोलणं मात्र तिच्यापर्यंत पोचेना. मी फद् फद् म्हणत राही, मशीन चालत राही, आणि डाळ बुडाला धरे.

“आज पुन्हा धुराची डाळ का, आई?” मुलगा पहिल्यांदा हसला. पुढे हसेनासा झाला. “आता पुरे. तू बस, स्वयंपाक आम्ही बघू.”

ते बसणं तिला नको होतं. “मी काय करू?” ती म्हणाली. “टोपच म्हातारा झाला. बूड झिजलंय मेल्याचं.”

मित्रांनो, बूड माझं अजून बोटभर जाड आहे. पण भांड्याची साक्ष कोण काढतो? घासणीचे ओरखडे सोसून मी फळीवर गेलो, आणि मुलाने भंगारवाल्याला रविवारी बोलावलं. मला वाईट वाटलं असं नाही. भट्टीतून आलो होतो, भट्टीत परत गेलो असतो. एवढंच सांगेन की भांड्याला बोल लावण्याआधी त्याच्यापाशी घटकाभर बसावं.

रविवारी सून म्हणाली, “अहो, जाण्याआधी एकदा डाळ करू त्यात. आई, मी सगळं करते. बंद कधी करायची, तेवढं तुम्ही सांगा.”

सासू स्टूल घेऊन माझ्या अगदी जवळ बसली. खळखळ झाली, खदखद झाली. तिने मान कलती केली, मग दुसरीकडून कलती केली. झाकणाच्या वाफेकडे ती अशी बघत होती, जसं कुणी काचेपलीकडच्या माणसाचे ओठ बघतं.

फद्.

“आई, करू बंद?”

ती वाफेकडेच बघत राहिली. सुनेला वाटलं, अजून वेळ आहे. ती ओट्याला हात टेकून थांबली. फद्. फद्. मग करपट वास आला.

मुलगा आत आला. “बघ, म्हटलं नव्हतं? बूड गेलंय त्याचं. भंगारवाला खाली उभा आहे.” सुनेने आच बंद केली. त्याने दोन फडकी घेतली आणि माझे कान धरले.

“ठेव तो खाली,” सासू म्हणाली.

“आई, उगाच जीव नको अडकवूस.”

तिने त्याच्या मनगटावर हात ठेवला, तोंडाकडे नीट बघितलं आणि म्हणाली, “टोपात खोट नाही रे. शिजल्यावर तो सांगतो, आजही सांगितलं असेल. मलाच आता ऐकू येत नाही.”