पहिल्या दिवशी मनात काय होतं

फौजदाराने लिहिता लिहिता पेन थांबवलं आणि विचारलं, “मसाला नेला त्या पहिल्या दिवशीच पैसे बुडवायचं बाईंच्या मनात होतं का?”

सत्यभामाने पदर सावरला. कोपरखैरण्यातल्या तिच्या गाळ्यात मसाला कांडायच्या यंत्राची मोटर जळून आठ दिवस झाले होते, ऐन एप्रिलचा हंगाम हातचा चालला होता, आणि लग्नांत बिर्याणी करणाऱ्या करिमुन्निसा आपाकडे तिचे अठरा हजार अडकले होते. चार महिने नुसतं ‘देते, देते’ चाललं होतं. तेव्हा तिच्यावर चारशेवीसचा गुन्हा घाला, असं सत्यभामा मघापासून तावातावाने सांगत होती.

“म्हंजी?”

“म्हणजे नुसते पैसे थकले तर तो गुन्हा होत नाही, ताई. त्याला दिवाणी कोर्ट आहे. घेतानाच फसवायचा इरादा असेल, तरच आमचं काम.”

एक ‘हो’ म्हटलं की जीप आपाच्या दारात उभी राहणार आणि लाजेकाजेस्तव संध्याकाळपर्यंत पैसे येणार, एवढं सत्यभामाला कळत होतं. ‘हो’ म्हणायलाच तिने तोंड उघडलं.

“न्हाई बा. पहिल्या दिवशी वजन करताना तिनं मलाच टोकलं. काटा तुझ्या तोट्यात चाललाय, म्हनली. तसली बाई न्हाई ती.”

“मग माझ्याकडे कशाला आलात?”

“आता मला काय म्हाईत,” ती घुश्शातच म्हणाली, “ह्येला येगळं कोर्ट असतंय म्हनून.”

वकिलाने नोटीस टाइप करून रजिस्टर पोस्टाने पाठवली. फसवणुकीचा शब्द घालू नका, असं सत्यभामाने त्याला तीनदा बजावलं होतं.

पाचव्या दिवशी करिमुन्निसा गाळ्यात आली ती तोच लिफाफा घेऊन. तिला वाचता यायचं ते उर्दू. मराठी कागद, मग तो विजेच्या बिलाचा असो की रेशनचा, ती वर्षानुवर्षं सत्यभामाकडूनच वाचून घ्यायची. नोटीस पाठवताना सत्यभामाला हे आठवलंच नव्हतं.

“कुनाचा हाय बग गो. पोस्टमननं सही घेतलान.”

सत्यभामाला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण वाचणं भाग होतं. घसा खाकरून तिने सुरुवात केली, “आमच्या अशील सौ. सत्यभामा हौसेराव निकम यांचेकडून आपण...”

नाव ऐकताच करिमुन्निसाने एकदा मान वर केली. मग स्टुलावर बसून ती शेवटपर्यंत ऐकत राहिली.

“यात मला लबाड लिवलंय काय कुठं?”

“न्हाई.”

“परत बग.”

सत्यभामाने दोन्ही पानं पुन्हा पाहिली. “कुटंच न्हाई, आपा.”

“मंग खरंच लिवलंय. पैसे द्यायचेच हायत.” करिमुन्निसाने कमरेच्या बटव्यातून तीन हजार काढून यंत्रावर ठेवले. “मोटर तरी नीट कर. बाकीचे हप्त्यानं देते. वकिलाला तसं लिवायला सांग.”

सत्यभामाला फार आनंद झाला. नोटांना हातही न लावता तिने आधी समोरच्या टपरीवर दोन स्पेशल चहा सांगितले. चहा आल्यावर तिला धीर आला.

“पर येवढं अडकलं कशापायी, आपा?”

करिमुन्निसाने बशीत चहा ओतला. पनवेलच्या एका हॉलवाल्याने तिच्याकडून पाच लग्नांची बिर्याणी करून घेतली होती आणि छदाम दिला नव्हता. लाजेपोटी तिने हे कुणाला सांगितलंही नव्हतं.

“त्यालापन असाच कागद धाडू,” करिमुन्निसा म्हणाली. “त्यातपन लबाड नको लिवायला. बरं नाय दिसत.”

“त्ये तू सांग. पहिल्या दिवशी कसा व्हता त्यो?”

करिमुन्निसा आठवू लागली. “पयल्या दिवशी हॉल आपलाच म्हनून फिरवून दाखवलान. ॲडव्हान्सचा चेक दिलान. मागनं कळलं, हॉल दुसऱ्याचा, नि चेकाचं खातं दोन वर्सांमागंच बंद झालेलं.”

सत्यभामाने चहा अर्धाच ठेवला, नोटा कनवटीला लावल्या आणि गाळ्याचं शटर ओढलं.

“चल, आपा,” ती म्हणाली. “चौकीत एक फौजदार हाय. त्यो ह्येच इचारत असतो.”