बाईंचं ‘बरं आहे’

बॅगा दाराशी तयार होत्या, खाली टॅक्सीवाला हॉर्न वाजवत होता आणि बाई पुन्हा एकदा संडासात गेल्या होत्या.

बाईंचे यजमान बुटांच्या नाड्या बांधून केव्हाचे बसले होते. आतून कडी सरकली. बाई बाहेर आल्या आणि भिंतीला हात टेकून उभ्या राहिल्या. चेहरा पांढराफटक पडला होता. यजमान खाली वाकले आणि बांधलेल्या नाड्या सोडू लागले.

“अहो, लेकीला फोन करा. तुमची कंबर धरली म्हणून सांगा.”

“परत माझीच कंबर?”

“मग काय सांगाल? माझं पोट?”

यजमानांनी मुकाट्याने मुलीला फोन लावला. त्या बिचाऱ्या कंबरेला आजवर कधी काही झालं नव्हतं. पण प्रत्येक वेळी बेत मोडला की आळ तिच्यावर यायचा. काळजीने जावयाने कंबरेला बांधायचा पट्टासुद्धा पाठवून दिला होता. तो कपाटात कोराच्या कोरा पडून होता.

बाईंनी सगळी नोकरी शाळेत भूगोल शिकवण्यात घालवली. नद्या कुठे उगम पावतात, वाळवंटं कशी पसरतात, हे त्यांनी खडूने फळ्यावर काढून दाखवलं. निवृत्त झाल्यावर त्यातलं थोडं तरी डोळ्यांनी बघायचं, असं मनात होतं. नेमकी त्याच सुमारास मोठ्या आतड्याला सूज आली, आत जखमा झाल्या. जुलाब, कळा, रक्त. घराबाहेर पाऊल टाकायचं तर आधी नजर संडास शोधायची. बाईंचं जग कोपऱ्यावरचं औषधांचं दुकान आणि हॉस्पिटल यांच्यात मावू लागलं.

आणि तिकडे, दिवसभराच्या प्रवासाच्या अंतरावर, लेकीला मुलगी झाली होती. नात पालथी पडली, रांगू लागली, तिला दात आले. हे सगळं बाईंनी फोनच्या काचेत पाहिलं. तिच्या केसांना वास कसा येत असेल, ती मांडीवर किती जड लागत असेल, हे काच सांगत नव्हती. फोन बंद झाला तरी बाई त्या काळ्या काचेकडे बघत बसायच्या.

हॉस्पिटलातल्या पोटविकारांच्या डॉक्टर वयाने लहान होत्या, पण समजावून सांगायच्या छान. एकदा त्या म्हणाल्या, “बाई, एका नव्या गोळीचा अभ्यास चाललाय. तुमचं चालू औषध तसंच राहील. त्याच्या जोडीला काही जणांना नवी गोळी मिळेल आणि काहींना दिसायला तशीच, पण आत औषध नसलेली. कोणाला कोणती, हे तुम्हाला कळणार नाही.”

“तुम्हाला तरी कळेल ना?”

“मलाही नाही. कळलं, तर नव्या गोळीवाल्यांना मी नकळत झुकतं माप देईन. माणूसच आहे ना मी! अभ्यास संपेपर्यंत सगळेच अंधारात. पण काही बिनसलं तर लगेच सांगायचं. कधीही बाहेर पडलात तरी तुमचे उपचार थांबणार नाहीत.”

बाईंना ती शिस्त आवडली. त्यांनी सगळं नीट वाचून सही केली.

सुरुवातीला थोडं हलकं वाटलं. गोळीचा गुण की आशेचा, कोण जाणे! पण लवकरच पहिले पाढे पंचावन्न झाले. तरी दर भेटीत डॉक्टरांनी विचारलं, की बाई म्हणायच्या, “बरं आहे.” रक्त? “नाही हो.” दुसरं काही औषध घेता? “छे!”

खरं तर त्यांचे गुडघे सुजत होते आणि कोपऱ्यावरच्या दुकानातून त्या वेदनाशामक गोळ्या आणून खात होत्या. दुकानदार म्हणाला होता, “सगळे हीच नेतात.” सगळे नेतात, मग त्यात सांगण्यासारखं काय?

भरल्या वर्गाला नुसत्या नजरेने गप्प करणाऱ्या बाईंना ‘शौचावाटे रक्त पडतं’ एवढं वाक्य तोंडातून काढता येत नव्हतं. शिवाय ‘बरं आहे’ ऐकून डॉक्टरांचा चेहरा खुलायचा. आणि सगळ्यात मोठी भीती वेगळीच होती: गुण नाही म्हटलं आणि ही गोळी बंद झाली, तर नातीपर्यंत पोचायची एकुलती एक वाटही बंद!

“अगं, त्यांना खरं सांग ना,” यजमान म्हणायचे.

“तुम्ही मध्ये पडू नका. एकदा त्या पोरीला कडेवर घेऊ दे, मग काय ते सांगेन.”

पुढच्या भेटीच्या वेळी बाकावर शेजारी एक ट्रकवाला बसला होता. रुंद खांद्यांचा, पण आवाज अगदी खाली आणून बोलत होता. “मावशी, मागच्या खेपेला तुम्ही म्हणालात ना, या गोळीने बरं वाटतंय? मी फार घाबरलो होतो. पण म्हटलं, मास्तरीणबाई काय खोटं बोलणार? आज सही करून टाकली.”

बाई काही बोलणार तोच आतून हाक आली.

डॉक्टरांनी तपासणीचे निकाल समोर ठेवले होते. “बाई, तुम्ही बरं आहे म्हणता, पण तुमचं रक्त तसं म्हणत नाही. अंगातलं रक्त कमी झालंय, आतड्याची सूज वाढलीय. घरी काय चाललंय?”

“तसं बरंच—”

“डॉक्टर, माझी कंबर ठणठणीत आहे!” यजमान एकदम म्हणाले.

डॉक्टर बघतच राहिल्या. बाईंनी डोळे मोठे केले, पण यजमान आज थांबणार नव्हते. मोडलेले प्रवास, पट्टा, गुडघे, दुकानातल्या गोळ्या, त्यांनी सगळं सांगून टाकलं.

डॉक्टर रागावल्या नाहीत. त्यांनी विचारलं, “बाई, शाळेत मुलांना पाऊस मोजायला लावायचात?”

“दरवर्षी. गच्चीवर पर्जन्यमापक होता आमच्या.”

“आणि एखाद्याने मापकात न बघताच, बाईंना आवडेल असा आकडा लिहिला असता तर?”

“सगळा तक्ता फुकट! कान उपटले असते मी त्या—” आणि बाई मध्येच थांबल्या. त्यांचा हात आपसूक स्वतःच्या कानाकडे गेला.

“रक्त मी तपासू शकते,” डॉक्टर म्हणाल्या, “पण पोटात कळ किती आली, घाईने किती वेळा धावावं लागलं, हे कुठलं यंत्र सांगत नाही. ते तुमच्याच तोंडून यायला हवं. तुमच्यासारख्यांच्या सांगण्यावर उद्या ही गोळी हजारोंना द्यायची की नाही हे ठरेल. मला खूश करू नका बाई, मला खरं सांगा! आणि त्या वेदनाशामक गोळ्या आतड्याच्या अस्तराला इजा करू शकतात. तुमच्या आजारात ते आगीत तेल.”

“मग मला अभ्यासातून काढून टाकणार?” बाईंचा आवाज लहान मुलीसारखा झाला.

“गोळी थांबवू, दुसरे उपचार सुरू करू. पण तुमची हकीगत अभ्यासातच राहील. ज्याला गुण आला नाही, तो रुग्णही अभ्यासाला तितकाच हवा असतो.”

बाईंनी पहिल्यांदा सगळं सांगितलं. लाजत, अडखळत, पण सगळं. बाहेर येऊन त्या ट्रकवाल्याजवळ बसल्या. “मी तुम्हाला खोटं सांगितलं होतं. आत जाऊन पुन्हा एकदा नीट विचारा, मग ठरवा.” तो आत गेला, बराच वेळ बोलून आला आणि म्हणाला, “राहतो मी, मावशी. पण आता माझ्या मनाने.”

घरी आल्यावर बाईंनी मुलीला फोन लावून सगळं खरं सांगितलं.

“आई... मला वाटायचं, तुला यावंसंच वाटत नाही.”

“अगं!”

“तुझी बातमी चांगली नसली तरी चालेल गं. पण ती खरी असू दे.”

दोघीही रडल्या. त्यानंतर लेकीच्या मनातली अढी गेली, पण आजार असा बोलून जात नाही. दुर्बिणीतून तपासणी झाली, सलाईनमधून द्यायचं औषध सुरू झालं, गुडघ्यांसाठी आतड्याला सोसेल असा इलाज निघाला. कधी चांगले दिवस, कधी वाईट. दोन्ही बाईंनी डॉक्टरांना जसेच्या तसे सांगितले.

अभ्यास संपल्यावर डॉक्टरांनी त्यांना बोलावून घेतलं. बाईंना मिळालेली गोळी औषध नसलेली होती!

“म्हणजे,” बाई सावकाश म्हणाल्या, “माझं ‘बरं आहे’ त्या पोकळ गोळीच्या नावावर गेलं असतं?”

“हो. आणि असं बऱ्याच जणांनी केलं असतं, तर खऱ्या गोळीत आणि पोकळ गोळीत फरकच दिसला नसता. आता दिसलाय. सगळ्यांना नाही, पण बऱ्याच जणांना तिचा उपयोग होतोय.” ट्रकवाला त्यांच्यातलाच एक होता.

शेवटी बाई लेकीच्या दारात पोचल्या. तोवर नात दुडुदुडु पळायला लागली होती. फोनमध्ये ‘आजी, आजी’ करणारी ती पोर खरी आजी बघून आईच्या पायामागे दडली. बाईंनी पसरलेले हात हळूच खाली घेतले. जे दिवस काचेपलीकडे गेले, ते आता कुठल्याही औषधाने परत मिळणार नव्हते. बाई तशाच जमिनीवर बसल्या, ती जवळ येईल याची वाट बघत. बऱ्याच वेळाने एक छोटा हात त्यांच्या चष्म्याला लागला.

वाचकहो, पोटाचं दुखणं सांगायला आपण लाजतो, दुकानातून गोळ्या आणून परस्पर गिळतो आणि डॉक्टरांसमोर शहाण्या मुलासारखे ‘बरं आहे’ म्हणतो. त्या दोन शब्दांनी आपलं आयुष्य तर हातचं जातंच, पण आपण न पाहिलेल्या कुणाचं तरी औषधही अडतं. तेव्हा डॉक्टरांनी विचारलं, की जे आहे ते सांगा. लाज वाटली तरी सांगा. आपली वाट बघणारं कुणीतरी कुठेतरी असतंच!