मेलेल्याने हसायचं असतं

माझ्या धाकट्या भावाने, शौयेने, आजवर ढीगभर सिनेमे लिहिले आणि काढले. परदेशातली बक्षिसं आईच्या कपाटावर धूळ खात पडलीत. ती पुसायचं काम माझं, कारण मी थोरली आणि इथे गावी, लिंछूतच राहिलेली.

पहिला सिनेमा त्याने इथेच, आमच्या अंगणात केला. त्यात एक म्हातारा मरतो. मढं व्हायला गावात कोणी तयार होईना. शेवटी आमचे बाबा दुकानातले वाफवायचे पाव अर्धवट टाकून आले आणि खुशाल आडवे झाले.

"दिवसाढवळ्या झोपायला मिळतंय, कोण सोडतंय!"

आमच्याकडे रीत आहे. सिनेमात जो मरतो, त्याने दृश्य संपताच कॅमेऱ्याकडे बघून खदखदून हसायचं, म्हणजे अशुभ टळतं. बाबाही हसले, ठसका लागेपर्यंत. पण शौयेने कॅमेरा आधीच बंद केला होता.

"अरे, हसणं घे की माझं."

"फिल्म महाग आहे, बाबा. पुढच्या सिनेमात तुम्हाला हसतानाच घेतो."

पुढचा सिनेमा बीजिंगला झाला, त्याच्या पुढचा आणखी लांब. प्रत्येक पटकथेत शौये एक हसरा पाववाला लिहायचा आणि त्यासाठी मोठा नट आणायचा. बाबा बघून म्हणायचे, "बरा आहे, पण मी जास्त देखणा." त्यांनाच एकदा बोलवायला काय झालं होतं? मला अजून राग येतो. बाबा गेले तेव्हा आमच्याकडे मोबाइलही नव्हते. फोटोंत ते सगळीकडे ताठ, तोंड मिटलेले.

यंदा छिंगमिंगला, पितरांच्या सणाला, बाबांचं थडगं झाडून परतलो, तेव्हा आई म्हणाली, "शौये, ह्यांचं हसणं मला आठवेनासं झालंय रे. तुझ्याकडे असेल ना?"

बीजिंगला जाऊन शौयेने जुनी रिळं उपसली आणि महिन्याभराने लॅपटॉप घेऊन आला. चुलीपाशी आम्ही तिघं बसलो. पडद्यावर बाबा निपचित पडलेले, नाकावर माशी. शौयेचा कोवळा आवाज आला, "कट!" बाबांनी एक डोळा उघडला. ओठाचा कोपरा हलला. आणि सगळं काळं झालं.

"बंद पडलं का रे? पुढे लाव."

"पुढे नाहीये, आई."

"असं कसं? आता कुठे हसायला लागलेत."

"मी बंद केला गं कॅमेरा." केस पिकलेला माझा भाऊ हुंदके देऊन रडायला लागला.

आईने त्याच्या पाठीवरून हात फिरवला. तिची नजर मात्र पडद्यावरच होती.

"बरं, रडू नकोस. पुन्हा पहिल्यापासून लाव. आणि या खेपेला जरा उशिरा बंद कर."