पाकिटावरची बाई

"नीट पाह्य ना मावशी, हे तूच हायेस," असं म्हणत कामिनीनं पाकीट सिंधूताईच्या हातात दिलं.

सिंधूताई दारातल्या ओट्यावर तांदूळ निवडत बसली होती. कामिनी शेजारच्या घरातली मुलगी. मस्कतला एका दवाखान्यात नर्स होती आणि सुट्टीवर भरतवाड्याला आली होती. पाकीट लाल तिखटाचं होतं. रिकामं करून, पुसून, कपड्यांच्या घडीत ठेवून तिनं ते इतक्या लांबून आणलं होतं.

पाकिटावर एक बाई हसत होती. ओंजळीत लाल मिरच्या, कपाळावर रुपयाएवढी टिकली, नाकात नथ, मागं हिरवंगार शेत.

"मी कायले हासू अशी?" सिंधूताई म्हणाली. "अन् हे नथ कोनाची?"

"ते लावते वं कॉम्प्युटरवर. तोंड पाह्य, तोंड. तिकडं दुकानात मांडणीवर ओळीनं तूच. मी तं तिथंच ओरडली, हे आमची सिंधू मावशी हाय म्हणून!" कामिनीनं फोटोखालची इंग्रजी ओळ बोटानं दाखवली. "पन नाव दुसरंच लिहिलं हाय. 'लक्ष्मी. आमची मिरची पिकवणारी शेतकरीण.'"

सिंधूताईनं आयुष्यात मिरचीचं रोप लावलं नव्हतं. कळमन्याच्या पलीकडं मिरचीचा एक कारखाना होता. तिथल्या शेडमध्ये बसून ती मिरचीचे देठ खुडायची. लग्नानंतर दोन वर्षांनी लागली ती अजून तिथंच होती. आधी नुसती पोती भरून माल जायचा, आता पावडर होऊन, पाकिटात बसून परदेशी जायचा. सिंधूताईच्या बोटांना त्यानं काही फरक पडला नव्हता. देठ तसेच होते आणि संध्याकाळी डोळ्यांना हात लावायचा नाही हा नियमही तसाच होता.

फोटो कधी काढला ते तिला लगेच आठवलं. कोरोनाच्या आधीच्या हिवाळ्यात मुंबईहून एक फोटोवाला आला होता. त्या दिवशी सगळ्या बायकांना एकसारख्या निळ्या साड्या वाटल्या होत्या. शेडमध्ये शिरल्याबरोबर तो शिंकायला लागला. एक फोटो काढला की चार शिंका. सिंधूताई आणि तिची मोठी बहीण कौतिका शेजारी बसल्या होत्या. दोघींना हसू आवरेना. त्यानं एकीला म्हटलं, मिरच्या ओंजळीत घे. कोणाला म्हटलं?

इथं मात्र सिंधूताईचं डोकं अडलं. कारण पाकीट डोळ्यांजवळ धरलं तेव्हा तिला कौतिका दिसली.

संध्याकाळी देवराव, तिचा नवरा, घरी आला. एका गोदामावर तो चौकीदारी करायचा. चहा पिता पिता त्यानं पाकीट हात लांब करून पाहिलं.

"कौतिका हाय हे," तो म्हणाला.

"कामिनी तं म्हणे मी हावो."

"कौतिकाच. तू कधी अशी हासत नाही."

तो सहज बोलला आणि बशीत चहा ओतू लागला. सिंधूताईला ते लागलं. आधी तिनंच कौतिकाला ओळखलं होतं, म्हणजे तो तिच्याच बाजूनं बोलला होता. तरी लागलं. इतकी वर्षं शेजारी झोपणाऱ्या माणसाला आपलं हसू ठाऊक नसावं? की आपण खरंच हसत नाही? ती आत गेली आणि आरशासमोर उभी राहून तिनं हसून पाहिलं. आरशातली बाई दात दुखत असल्यासारखी दिसली.

पायल आली तेव्हा दिवे लागले होते. पायल कौतिकाची मुलगी. सीताबर्डीला मोबाइलच्या दुकानात काम करायची. बाप लहानपणीच गेला होता आणि आई कोरोनात गेली, तेव्हापासून ती सिंधूताईकडंच राहत होती. पाकीट तिनं हातात घेतलं, दिव्याखाली धरून पाहिलं. मग खाली बसली.

"माय," ती एवढंच म्हणाली.

तिच्याकडं आईचा फोटो नव्हता. म्हणजे आधार कार्डावरचा होता, पण त्यात कौतिका पोलिसांनी पकडून आणल्यासारखी दिसायची. बाकी सगळे फोटो कौतिकाच्या मोबाइलमध्ये होते आणि तो मोबाइल दवाखान्यात हरवला. शेवटी कौतिकालाही कोणी पाहिलं नव्हतं. गुंडाळलेलं काहीतरी गाडीत ठेवलं होतं, लांबून हात जोडायला सांगितले होते. ती कौतिकाच होती असं कागदावर लिहिलं होतं म्हणून मानलं.

"मावशी, हे मायच हाय ना वं?" पायलनं विचारलं.

"हाव," सिंधूताई म्हणाली. पण तिला वाटलं होतं तेवढं ते ठाम निघालं नाही.

दुसऱ्या दिवशी ती पाकीट घेऊन कामावर गेली. शेडमधली भावना फोटोच्या दिवशी दोघी बहिणींच्या समोरच बसलेली होती, तिला आठवत असेल असं सिंधूताईला वाटलं. भावनानं खुडणं थांबवलं, हात पदराला पुसले आणि पाकीट उलटंसुलटं केलं.

"हे तू हायेस," ती म्हणाली. मग मान वाकडी करून, "नाही वं. कौतिका बाई दिसून राहिली. हनवटी पाह्य ना." मग पुन्हा, "पन थांब. हे हात तं माहे हाय!"

"तुहे?"

"मंग? हे हिरवी बांगडी पाह्य, टिचलेली. माहीच होती. त्यानं माह्या हाताचा बी काढला होता फोटो, नुसत्या हाताचा. जोडला असन मंग."

बाजूच्या बायका जमा झाल्या. कोणी म्हणालं सिंधू, कोणी म्हणालं कौतिका, एकीनं तर ती चंद्रपूरकडची कोणीतरी वेगळीच बाई आहे असं सांगितलं. दुपारपर्यंत पाकीट शेडभर फिरून आलं. तोवर त्यावर इतकी बोटं लागली होती की बाईचा चेहरा आणखीच लाल झाला होता.

तेवढ्यात ऑफिसातून बोलावणं आलं. गिरिधर साहेब माल बाहेर पाठवण्याचं काम पाहायचे. माणूस वाईट नव्हता, पण सदा घाईत. कोणत्या तरी देशात माल अडला, कोणी तरी नमुना परत पाठवला, असं त्यांचं फोनवर दिवसभर चालू असायचं. त्यांनी सिंधूताईला खुर्चीवर बसवलं. असं आजवर कधी झालं नव्हतं.

"सिंधूबाई, तुमचा फोटो हाय म्हणे पाकिटावर. मले तं मालूमच नव्हतं. लय चांगलं झालं. तिकडचे पाहुणे येऊन राहिले शुक्रवारी, आपला माल घेणारे. ते सारखे विचारते, लक्ष्मी कुठं हाय, लक्ष्मीले भेटाचं हाय."

"साहेब, तो मी हावो का माही बहीण, मले बी समजून नाही राहिलं."

"बहीण कुठं हाय?"

"वारली."

साहेबांनी क्षणभर पाकिटाकडं पाहिलं, मग तिच्याकडं. "मंग तुमीच," ते म्हणाले. "फोटो मुंबईच्या एजन्सीनं पाठवला होता. त्याईले बी आता आठवत नसन. तुमी निस्तं उभं राहाचं, हात जोडाचे. विचारलं तं मान हालवाची."

"पन लक्ष्मी कोन साहेब?"

"कोनीच नाही वं बाई. नाव ठेवा लागते काही तरी."

घरी येताना रिक्षात सिंधूताईला वाटत राहिलं की आपण हो म्हणून आलो की नाही, हेही नीट कळलं नाही. मात्र एक गोष्ट तिनं कोणालाच सांगितली नव्हती. आदल्या दिवसापासून तिला हातात मिरच्या घेतल्याचं आठवायला लागलं होतं. ओंजळीतला त्यांचा कोरडा, हलका खुळखुळाट, फोटोवाल्याचं "मौसी, इधर देखो". हे खरंच झालं होतं, की पाकीट पाहून पाहून तयार झालं होतं? एक दिवस आपणही इतकं मोकळं हसलो असू, आणि ते हसणं जहाजात बसून दूरच्या दुकानांत मांडलं गेलं असेल, तर ते आपलं असावं असं तिला वाटत होतं. मग कौतिकाची आठवण येऊन शरम वाटायची.

पायलला पाहुण्यांचं कळलं तेव्हा ती भडकली.

"माह्या मायच्या जागेवर तू उभी राहाशीन? नथ घालून?"

"नथ नाही घालाची. साहेबानं निस्ते हात जोडाले सांगतले."

"तू म्हटलं होतं ना हाव, मायच हाय म्हणून? खोटं बोलली का तू?"

"खोटं नाही वं बोलली..."

"मंग?"

 देवराव मध्ये पडला, "कोनी का असेना, बहिणी बहिणीच तं हाय." त्यावर दोघींनी त्याला गप्प केलं. पायल त्या दिवशी जेवली नाही.

शुक्रवारी शेड धुऊन काढली होती. सगळ्यांना टोप्या, हातमोजे, तोंडाला पट्ट्या दिल्या होत्या. रोजची पोती कुठंतरी हलवली होती आणि प्रत्येकीपुढं मिरचीचा छोटा, नेटका ढीग होता. पाहुणे आले, एक उंच बाई आणि एक पुरुष. तेही शिंकत होते. बाईच्या काखेत मोठी गुंडाळी होती. तिनं ती उलगडली, तर सिंधूताईच्या उंचीएवढा तोच फोटो. दुकानांत लावतात तसला.

साहेबांनी सिंधूताईला पुढं केलं. "लक्ष्मी," ते म्हणाले. पुढचं सगळं इंग्रजीत.

पाहुण्या बाईनं हातमोज्यासकट सिंधूताईचा हात दोन्ही हातांत धरला. तिचे डोळे शिंकांनी ओले झाले होते, आणि ती फार जिव्हाळ्यानं काहीतरी विचारत होती. सिंधूताईनं मान हलवायची होती. तिनं फोटोकडं पाहिलं. एवढा मोठा चेहरा तिनं पहिल्यांदाच पाहिला आणि इतका मोठा करूनही तो कोणाचा ते कळत नव्हतं. तिला पायल आठवली, पाकीट मांडीवर घेऊन जमिनीवर बसलेली.

"हे मी नाही," ती म्हणाली. "हे माही मोठी बहीण हाय. कौतिका नाव तिचं. वारली ते."

 साहेबांनी घाम पुसला आणि पाहुण्यांकडं वळून ते इंग्रजीत दोन वाक्यं बोलले. पाहुणी बाई खळखळून हसली. तिनं टाळ्या वाजवल्या, म्हणून सगळ्यांनी वाजवल्या. मग तिनं गुंडाळी सिंधूताईच्या हातात दिली, भेट म्हणून.

सिंधूताईला इंग्रजी येत नव्हतं. पण कोणाची बहीण वारली हे ऐकून माणूस टाळ्या वाजवत नाही, एवढं तिला समजत होतं. पाहुण्यांची गाडी गेल्यावर ती ऑफिसच्या दारात जाऊन उभी राहिली.

"साहेब, तुमी त्याईले काय सांगतलं?"

गिरिधर साहेब खुर्चीत रेलले होते. "म्हटलं, बाई लय खूश हाये. तुमच्या देशात येऊन आपला फोटो पाहाची इच्छा हाय तिची."

"मी बहीण मेली म्हणून सांगतलं."

"ऐकलं मी, सिंधूबाई." ते नजर चुकवत म्हणाले. "पन सांगा, मेलेल्या मानसाचा फोटो पाह्यला तं कोन घेईन पाकीट? उद्या त्याईनं फोटोच काहाडून टाकला मंग? हाय तो राहू द्या ना."

भांडायला ती आली होती, पण आपण सांगितलं ते तरी खरं होतं का, हे तिला ठाऊक नव्हतं. आणि साहेब म्हणाले त्यातलं शेवटचं तिला पटलंही होतं. ती परत शेडमध्ये गेली. पोती जागेवर आणली जात होती.

पायलनं तो मोठा फोटो पाहिला, शेडमध्ये घडलं ते सगळं ऐकून घेतलं आणि मावशीच्या गळ्यात पडून रडली. दुसऱ्या दिवशी ती फोटो सीताबर्डीच्या स्टुडिओत घेऊन गेली. स्टुडिओवाल्यानं त्याची लहान प्रत केली, नाव कापलं, शेत काढून मागं साधा निळा रंग भरला, टिकली आणि नथ पुसली. टिकलीखाली काय होतं ते त्याला कुठून ठाऊक असणार? बाजूच्या कपाळाची कातडी ओढून त्यानं ती जागा भरून दिली. चौकटीत बसून आलेला चेहरा आता आणखीच वेगळा दिसत होता. नितळ, कोणत्याच वयाचा नाही.

वैशाखात कौतिकाचा स्मृतिदिन आला. दरवर्षी नुसती मेणबत्ती लावायचे. या वर्षी पायलनं चार घरच्या बायकांना बोलावलं, सिंधूताईनं खीर केली. फोटो स्टुलावर ठेवला, त्यावर पांढऱ्या फुलांचा हार घातला, पुढं मेणबत्ती लावली. भावना आली, फोटोसमोर हात जोडता जोडता थबकली आणि सिंधूताईकडं वळून काही बोलणार होती. सिंधूताईनं तिच्या हातात फुलं दिली. भावनानं ती मुकाट्यानं वाहिली.

एकेक करून सगळ्यांनी फुलं वाहिली. देवरावानं वाहिली. मग सिंधूताई पुढं झाली. तिला क्षणभर कळेना, आपण नेमकं कोणाला फूल वाहतो आहोत. तरी तिनं ते नीट ठेवलं, हार सरळ केला आणि मागं सरकून उभी राहिली.

शेवटी पायल बसली. तिनं फोटोच्या काचेवरून हलकेच पदर फिरवला.

"माय," ती म्हणाली.

"ओ," सिंधूताईच्या तोंडून निघालं.

 पायलनं मागं वळून पाहिलं नाही. तिनं फक्त हात मागं केला.

"काडीपेटी दे," ती म्हणाली. "मेणबत्ती विझली."

सिंधूताईनं काडीपेटी तिच्या हातावर ठेवली.