तडकलेल्या काचेवरचा आलेख

मित्रांनो, मी एक जुना आलेख आहे. सध्या एका खिडकीच्या तडकलेल्या काचेवर मला चिकटपट्टीनं अडकवून ठेवलंय. उन्हानं माझ्या रेघा फिकट झाल्यात. माझी अक्षरं तर इतकी बारीक आहेत की ती वाचायला कुणी थांबत नाही. पण मी जन्मलो तेव्हा असा नव्हतो.

माझा जन्म बाटल्यांच्या कारखान्यात झाला. भट्टीच्या बरोबर वर एक खोली होती. तिथली फरशी बारा महिने कोमट असायची आणि टेबलांवर काचेची बारीक धूळ बसायची. तिथे ताई काम करायची. साऱ्या कारखान्याची ती ताईच. पण सख्खी मात्र एकाचीच, शेजारच्या टेबलावरच्या धाकट्या भावाची. आईवडील गेल्यावर तिनंच त्याला वाढवलं होतं, प्रोग्राम लिहायला शिकवलं होतं आणि शब्द टाकून इथं लावून दिलं होतं.

गरम बाटली घाईनं थंड केली की तडकते. किती वेळात थंड केल्यावर किती तडकतात, हे दाखवायला ताईनं मला काढलं. त्यासाठी तिनं एक लायब्ररी घेतली. पुस्तकांची नव्हे हं! आलेख काढायचं सगळं सामान ज्यात तयार बांधून ठेवलेलं असतं, त्यालाही प्रोग्राम लिहिणारे लायब्ररीच म्हणतात. त्या सामानातून मी पहिल्यांदा पडद्यावर उमटलो आणि ताईच्या कपाळाला आठी पडली.

"ही अक्षरं आहेत की मुंग्यांची रांग?"

"लायब्ररी देते तशीच आहेत," धाकटा म्हणाला. "चालतील की."

"कुणाला चालतील? भट्टीपाशी उभ्या माणसानं काय, काम टाकून भिंतीला नाक लावायला यायचं?"

मग ती मला घडवायला बसली. या लायब्ररीत प्रत्येक अक्षराला वेगळं सांगावं लागतं. तिनं आधी माझं शीर्षक मोठं केलं, मग बाजूची नावं, मग रेघेखालचे आकडे. आकडे वाढले तसे ते एकमेकांच्या अंगावर चढले. तिनं माझी रुंदी वाढवली, आकड्यांना जरा तिरकं उभं केलं, आणि मी ऐसपैस झालो.

मला भट्टीखान्याच्या भिंतीवर लावलं. दर महिन्याला नवी मोजमापं यायची आणि ताई मला नव्या कागदावर छापायची. भट्टीचे मुकादम लांबूनच मान वर करायचे, मला वाचायचे आणि थंड हवेची झडप कमी-जास्त उघडायचे. "ताई, तुमचा कागद बोलतो बघा," ते म्हणायचे. मी भिंतीवर फुगून जायचो. मित्रांनो, ते माझे सुखाचे दिवस होते.

पुढे ताई माझी अक्षरं आणखी वाढवू लागली. ही वाढ भट्टीवाल्यांसाठी नव्हती. ताईच्या नजरेच्या मधोमध एक धुरकट डाग बसला होता. कडेचं दिसायचं, समोरचं हरवायचं. तिनं हे कुणाला सांगितलं नाही. घरी ती कपाच्या बाहेर चहा ओतायची आणि हात थरथरला असं म्हणायची. धाकटा फडक्यानं पुसायचा. तो सगळं बघत होता.

अशातच विभागाचे जुने प्रमुख निवृत्त होणार होते. त्यांच्या जागी ताईच येणार असं सगळे धरून चालले होते. धाकटाही हसून तसंच म्हणायचा.

ते ठरवायला कारखान्याच्या मालकीणबाईंनी बैठक बोलावली. आदल्या दुपारी ताई जेवायला गेली आणि धाकट्यानं माझा प्रोग्राम उघडला. ताईनं जागोजागी लिहिलेली मापं त्यानं एकेक करून खोडली आणि अगदी वर एक ओळ लिहिली: सगळी अक्षरं सहाच्या मापाची. मी क्षणात आक्रसलो. मग त्यानं माझ्यात त्या महिन्याची नवी मोजमापं भरली. ती ताईनं अजून पाहिलीच नव्हती.

बैठकीत मी प्रत्येकाच्या हातात होतो. मालकीणबाईंनी विचारलं, "हा आलेख कोण समजावून सांगतंय?"

"ताईचाच आलेख आहे," धाकटा म्हणाला. "वाच ना ताई, जरा मोठ्यानं."

ताईनं मला उचललं. डोळ्यांजवळ नेलं, लांब धरलं, मग मान वळवून कडेनं पाहू लागली. तिची बोटं माझ्या कडेवर घट्ट झाली होती.

"उलटा धरून बघा," कुणीतरी म्हणालं. दोघेतिघे हसले.

ताईनं मला खाली ठेवलं, ताठ बसली आणि बोलू लागली. तडकलेल्या बाटल्या, लागलेला वेळ, रेघ कुठे चढते, कुठे उतरते, सगळं घडाघडा. आवाज जरासुद्धा अडखळला नाही. धाकट्यानं तिला शेवटपर्यंत बोलू दिलं. एकदाही थांबवलं नाही. तिचं संपल्यावर तो हळू आवाजात म्हणाला, "ताई, हे मागच्या महिन्याचं आहे."

कुणी हसलं नाही आता.

"तुम्हाला कधीपासून दिसत नाहीये?" मालकीणबाईंनी विचारलं.

"दिसतं मला. नीट दिसतं."

"मी तरी किती झाकू, ताई?" धाकटा म्हणाला. "खाली भट्टीवर माणसं आहेत गं."

मालकीणबाईंनी मान हलवली. त्याच्या डोळ्यांतलं पाणी बघून दोघांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला. ताईच्या पाठीवर कुणी ठेवला नाही.

ताई घरी बसली आणि धाकटा प्रमुख झाला. त्यानं पहिलं काम काय केलं असेल? माझी अक्षरं पुन्हा मोठी केली आणि मला भट्टीखान्यात लावलं. "लांबून दिसावं म्हणून मुद्दाम मोठी केलीत मी," त्यानं सांगितलं. मुकादम म्हणाले, "वा साहेब, कागद बोलतो बघा." ताईचं नाव कुणाच्या तोंडी आलं नाही.

सहाच्या अक्षरांचा मी मात्र ताईच्या पिशवीतून घरी आलो होतो. तिच्या खोलीची काच तडकली तेव्हा धाकट्याच्या बायकोनं मला तिथे चिकटवलं. "वन्सं, आता वारा नाही लागणार तुम्हाला," ती म्हणाली. बाटल्यांच्या कारखान्याच्या साहेबाच्या घरात तेवढी काच काही आली नाही.

एका संध्याकाळी धाकटा उघडा लॅपटॉप हातावर घेऊन दारात आला.

"ताई, नव्या आलेखात अक्षरं वाढवली की खालचे आकडे एकमेकांवर चढतायत. तू काय करायचीस?"

ताई पलंगावर बसली होती. मला वाटलं, आता ती सगळं उकरून काढेल. हाकलून देईल त्याला.

"रुंदी वाढव," ती म्हणाली. "आणि आकडे तिरके कर. थोडेच. फार केलेस तर मान वाकडी करून वाचावं लागतं."

त्यानं उभ्याउभ्याच केलं. "झालं!" तो खूश होऊन म्हणाला. "किती वेळ डोकं खात होतं."

"जेवलास का रे?"

"जेवेन." जाता जाता त्यानं बटण दाबून खोलीतला दिवा घालवला. "तुला काय करायचाय उजेड?"

ताईला कडेचं अजून दिसत होतं, मित्रांनो. दारातून त्याची पाठ जाताना तिनं पाहिली. उठून चाचपडत दिवा मात्र तिनं लावला नाही. तशीच बसून राहिली.

मी कागद आहे, मला हात नाहीत. तुम्हाला आहेत. आलेख काढाल तेव्हा सगळ्यात लांब उभ्या असलेल्या माणसाला वाचता येईल एवढी अक्षरं ठेवा. आणि कुणाच्या खोलीतून निघताना दिवा घालवायचा असेल, तर आत बसलेल्याला आधी विचारा.