स्वामीच्या पायाचं पाणी

आता बहुरूप्यानं सोंग घ्यावं, पण लिंगायतांच्या गुरूचं, जंगमस्वामीचं? आगं माय, भुजंगाचं डोकंच फिरलं होतं म्हणायचं! पण करतो काय? लातूर जिल्हा झाला, खऱ्या फौजदारांच्या जीपा गावोगाव फिरायला लागल्या, अन् त्याचं पोलिसाचं सोंग बघायला कुत्रंसुद्धा उठेना. वर दुष्काळ. म्हणून त्यानं काळ्या अंगाला मुरदाडशिंगाचा पांढरा लेप फासून गोरं केलं, भगवं नेसलं, कपाळाला भस्म लावलं आणि शिरूर अनंतपाळच्या वाटेवरच्या एका लिंगायत वस्तीत शिरला. हसवायचं, सोंग उघडं करायचं, मग पसाभर ज्वारी मागायची, एवढाच बेत.

पण पहिल्याच दारातली म्हातारी गुरम्मा हसली नाही. "स्वामी, देवासारखे आलात!" म्हणत तिनं त्याला पाटावर बसवलं. तिची सहा महिन्यांची नात हगवणीनं सुकून पडली होती. लेक शरणप्पा कुऱ्हाड टेकून दारात उभा. भुजंगाच्या तोंडचं पाणी पळालं. असंच सोंग अंगाशी आलेला त्याचा मेव्हणा महिनाभर खाटेवरच होता.

गुरम्मानं तांब्या आणला. "घरात एवढंच पाणी हाय. तुमचे पाय धुते, तेच तीर्थ पोरीला पाजते. उठून बसंल ती."

परातीत पाय ठेवून घेतले, पाणी ओतलं. रंग सुटून पाणी पांढरं झालं. भुजंगाला बापाचं बोलणं आठवलं: मुरदाडशिंग अंगाला लाव, पण जिभेला लागू देऊ नगं, विष हाय ते. बोलावं तर कुऱ्हाड, गप बसावं तर लेकरू जातंय.

गुरम्मानं वाटी भरून पोरीच्या ओठांशी नेली.

"पाजू नगा!" भुजंगानं वाटीला हात मारला. "माय, मी बहुरूपी हाय! रंगात विष हाय!"

वाटी गडगडत गेली. शरणप्पानं कुऱ्हाड उचलली. भुजंगानं डोळे मिटून घेतले.

"थांब रं," गुरम्मा म्हणाली. तिनं त्याचे पाय बघितले. घोट्याखाली काळे, वर गोरे. मग परात बघितली. पोरीनं आता रडायचंही सोडलं होतं.

"पाणी उरलंय ते एका माणिकप्पाच्या हिरीत, अन् तो आमची घागर लावू देत न्हाई," ती म्हणाली. "पण स्वामीला पूजेला पाणी न्हाई कसं म्हणंल?"

देव्हाऱ्यातलं भस्म आणून ती खाली बसली आणि त्याच्या पायांना चोळायला लागली.

"माय, तिथं वळखलं तर जिता सोडतील का मला?"

"अन् इथं कोण सोडतंय?" शरणप्पा म्हणाला. त्यानं एका हातात घागर घेतली. दुसऱ्या हातातली कुऱ्हाड काही खाली ठेवली नाही.

गुरम्मानं भुजंगाच्या कपाळावरचं भस्म नीट केलं. "इथं खरं बोललास, लेकरू वाचलं," ती म्हणाली. "तिथं बोलू नगंस."