अकरा नंबरचं ताट

“अकरा नंबरचं अंडं आजही अख्खं परत आलं, मॅडम.”

इस्पितळात ताटं धुणाऱ्या मावशी आहारतज्ज्ञ बाईंच्या टेबलापुढून हलायला तयार नव्हत्या. बाईंनी तक्ता दाखवला. “मावशी, मी सगळं देतेय. अंडं, डाळ म्हणजे प्रथिनं, त्यानं मांस भरतं. पालेभाजीतून लोह. संत्र्यातून क जीवनसत्त्व, त्याशिवाय जखम सांधत नाही. या बघा रोजच्या खुणा.”

“कागदावर सगळं पोचलंय. पोटात काही नाही. दूध आणि डाळीचं पाणी तेवढं संपतं.”

अकरा नंबर म्हणजे एक म्हातारे सुतार. त्यांच्या पायाची जखम महिनाभर भरत नव्हती. आणखी पंधरा दिवस बघू, नाहीतर पाय कापू, असं डॉक्टरांनी सांगून टाकलं होतं.

मावशींना राहवेना. काम टाकून त्या वॉर्डात गेल्या. “आजोबा, अन्नावर राग आहे का?”

सुतारांनी तोंडावर हात धरला. “दातच नाहीत. कवळी कागदात गुंडाळून ताटात ठेवली होती. ताट गेलं, कवळीही गेली.”

“मग बोलायचं नाही का?”

“ताटं धुणारीवर बालंट आलं असतं. तिलाही पोट आहे.”

ताटातले चुरगळलेले कागद न उघडता बादलीत टाकायचे, ही मावशींची वीस वर्षांची सवय. ती धुणारी मीच, असं म्हणायला जीभ रेटेना. बाईंसमोर मात्र त्यांनी एका दमात सगळं ओकून टाकलं. “कामावरून काढायचं तर काढा. आधी त्यांना अंडं कुस्करून द्या.”

बाईंनी काढलं नाही. अंडं दुधात घोटून जाऊ लागलं, डाळ-भाजी वाटून, संत्र्याचा रस काढून. आणि तक्त्यात नवा रकाना आला: ‘परत काय आलं’. तो भरायचा मावशींनी. वीस वर्षांत त्यांना कुणी काही विचारलं नव्हतं. आता डॉक्टरसुद्धा आधी त्यांचा रकाना बघत. मावशींचा तोरा काय वर्णावा!

चौदाव्या दिवशी डॉक्टरांनी पट्टी सोडली. जखमेत लाल, ताजं मांस भरत होतं. “पाय वाचला,” ते म्हणाले. बाई धावत मोरीपर्यंत आल्या, आणि दोघी साबणाच्या पाण्यात उभ्या राहून लहान मुलींसारख्या हसल्या.

घरी जायच्या दिवशी सुतार मोरीच्या खिडकीशी आले. “त्या दिवशी तुम्ही आलात ना, तेव्हाच तुमच्या हातांवरचा फेस बघितला होता मी.”

मावशी वर बघेचनात. त्या सुतारांचे पाय बघत होत्या. दोन होते, दोन्ही चपलांत.